आयईपी की ५०४? आधी मुलाला काय लागतंय ते बघा

अमेरिकेत शिकताना अडचण येणाऱ्या मुलाला शाळा दोनपैकी एक लेखी प्लॅन देते: आयईपी म्हणजे मुलासाठी खास आखलेलं विशेष शिक्षण, ५०४ म्हणजे अडथळे काढणाऱ्या सवलती. तिथल्या मराठी पालकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर हा प्रश्न दर सप्टेंबरला येतोच: "शाळा ५०४ देते म्हणतेय, घेऊ का? की आयईपीसाठी भांडू?" उत्तरं येतात ती बहुतेक "आयईपी म्हणजे मोठा, ५०४ म्हणजे छोटा" अशा धाटणीची. हा हिशेबच चुकीचा आहे.

दोन्हींमागचे कायदे वेगळे आहेत. ५०४ हे १९७३च्या रिहॅबिलिटेशन ॲक्टचं कलम. सरकारी पैसा घेणाऱ्या संस्थेने अपंगत्वामुळे कुणाशी भेदभाव करू नये, एवढंच त्याचं सूत्र. आयईपी येतो 'आयडिया' या विशेष शिक्षणाच्या कायद्यातून, ज्याचं मूळ १९७५चं आहे. त्यामुळे विचारायचा प्रश्न एकच: मुलाच्या वाटेतला अडथळा काढला की ते बाकीच्यांसारखं शिकतं, की त्याला शिकवण्याची पद्धतच बदलावी लागते?

टाइप-१ डायबिटीसच्या मुलीला वर्गात शुगर तपासायची, मध्येच खायची आणि परीक्षेत घड्याळ थांबवायची मुभा हवी असते. तिला ५०४ पुरतो. डिस्लेक्सियाच्या (वाचनाची अडचण असलेल्या) मुलाला नुसता जादा वेळ दिला तर न वाचता येणारा उतारा तो जास्त वेळ न वाचता बघत बसेल. त्याला वाचायला शिकवणारा प्रशिक्षित शिक्षक हवा, म्हणजे आयईपी. एडीएचडी (लक्ष टिकवण्याची आणि चंचलतेची अडचण) दोन्हींकडे जाऊ शकतो, आणि खरी ओढाताण तिथेच होते.

आयईपीसाठी मूल कायद्यातल्या १३ प्रकारांपैकी एकात बसावं लागतं, त्या अडचणीचा शिक्षणावर परिणाम दिसावा लागतो आणि विशेष शिकवणीची गरज असावी लागते. एडीएचडी यातल्या 'इतर आरोग्यविषयक अडचणी' या प्रकारात धरतात. ५०४ची व्याख्या सैल आहे. २००८च्या कायदादुरुस्तीनंतर तर औषधाने पडणारा फरक वगळून मुलाकडे बघायचं असतं. "गोळी घेतल्यावर तर छान बसतो" हे नकाराचं कारण होऊ शकत नाही.

"मार्क चांगले आहेत, मग आयईपी कशाला?" हेही तसंच. मूल वरच्या वर्गात जातंय एवढ्यावरून ते अपात्र ठरत नाही. हुशार मूल घरी रोज तीन तास रडत गृहपाठ करून ए आणत असेल, तर ते तीन तास शाळेला लिहून कळवा. शाळेला ते दिसत नाहीत. "आधी काही महिने आरटीआय (वर्गातच जादा मदत देऊन फरक पडतो का ते बघणं) करून बघू" असं शाळेने म्हटलं तर आरटीआय खुशाल होऊ द्या, पण त्याच्या नावाखाली इव्हॅल्युएशन, म्हणजे पात्रता ठरवणारी मुलाची तपासणी, लांबवता येत नाही. बाहेरच्या डॉक्टरचा रिपोर्ट शाळेने विचारात घ्यायलाच हवा, मान्य करायलाच हवा असं मात्र नाही.

मागणी तोंडी करू नका. पॅरेंट-टीचर मीटिंगमध्ये बोललात त्याला तारीख नसते. ईमेल करा: मुलाचं नाव, इयत्ता, दोन-तीन ठोस उदाहरणं, आणि "शंका असलेल्या सर्व बाबतींत आयडिया आणि सेक्शन ५०४ या दोन्हींखाली पूर्ण इव्हॅल्युएशन करावं" हे वाक्य. कुठला प्लॅन हवा ते आधीच ठरवून मागू नका. नकार आला तर तो कारणांसह लेखी मागा. तो देणं शाळेला बंधनकारक आहे.

इव्हॅल्युएशनची मुदत मोजली जाते ती तुम्ही त्याच्या संमतीवर सही केल्यापासून. केंद्रीय नियम ६० दिवसांचा, पण राज्याची स्वतःची मुदत असेल तर ती चालते. टेक्सासात ४५ शालेय दिवस. तिथे मेच्या तोंडावर सही केलीत तर रिपोर्ट सहसा पुढच्या शाळावर्षातच हातात पडतो. न्यू जर्सीत संमतीपासून प्लॅन लागू होईपर्यंत ९० दिवस.

घरी मराठी बोलणाऱ्या मुलांसाठी एक गोष्ट फार महत्त्वाची आहे. चाचणी मुलाच्या भाषेचा विचार करून घ्यावी लागते आणि इंग्रजी कमी येणं हे पात्रतेचं मुख्य कारण धरता येत नाही. आपल्या 'व'मध्ये इंग्रजीचे दोन उच्चार सामावतात, त्यामुळे 'वेस्ट' आणि 'व्हेस्ट' सारखेच निघतात. हा स्पीचचा दोष नव्हे. मराठीत "ती पुस्तक" म्हणणंही बहुतेकदा कानावर मराठी कमी पडल्याचं लक्षण. पण पाच वर्षांच्या मुलाला "चपला काढ आणि डबा ओट्यावर ठेव" यातलं निम्मंच कळत असेल आणि इंग्रजीतही तीच गत असेल, तर ते शाळेच्या स्पीच थेरपिस्टला मुद्दाम सांगा. अडचण दोन्ही भाषांत दिसते का, हीच खरी कसोटी. मीटिंगला आजी-आजोबा किंवा आई इंग्रजीत अडखळत असतील तर पालकांसाठी मराठी दुभाषा मागता येतो. खर्च शाळेचा. आणि हो, मुलाचा व्हिसा कुठला याचा सरकारी शाळेतल्या या हक्काशी संबंध नाही.

आता कागद. आयईपीत वर्षभराची मोजता येणारी ध्येयं असतात. "वाचनात प्रगती करेल" हे ध्येय नव्हे. "तिसरीच्या पातळीचा न पाहिलेला उतारा मिनिटाला ९० शब्दांच्या वेगाने, ९५ टक्के अचूक, चारपैकी तीन चाचण्यांत वाचेल" हे ध्येय. सेवेपुढे "गरजेनुसार" लिहिलं असेल तर खोडायला लावा. "आठवड्यातून ३ वेळा ३० मिनिटं, तिघांच्या गटात, वर्गाबाहेर" असं हवं. ५०४मध्ये ध्येयं नसतात आणि केंद्रीय नियमांत त्याचा ठरावीक नमुनाही नाही. म्हणूनच तो ढिला लिहिला जातो. "जादा वेळ" नको. "५० टक्के जादा वेळ, छोट्या क्विझसह" लिहून घ्या, नाहीतर गणिताचे सर देतात आणि सायन्सच्या मॅडम देत नाहीत.

आयईपी दर वर्षी तपासला जातो आणि फेरइव्हॅल्युएशन साधारण तीन वर्षांतून एकदा. इव्हॅल्युएशन पटलं नाही तर शाळेच्या खर्चाने स्वतंत्र इव्हॅल्युएशन मागता येतं. हे ५०४मध्ये मिळत नाही. पहिला आयईपी तुमच्या लेखी संमतीशिवाय सुरू होत नाही, पण मीटिंगला हजर असल्याची सही आणि संमतीची सही वेगवेगळ्या असतात. समोर सहा-सात जण बसलेले असताना भिडेखातर सही करू नका. "घरी वाचून कळवतो" म्हणणं पूर्ण रीतसर आहे.

हायस्कूलच्या पालकांसाठी: हायस्कूल पास झाल्याचा रेग्युलर डिप्लोमा मिळाला की आयईपी संपतो. कॉलेजात ५०४ कायदा लागू राहतो, शाळेतला प्लॅन मात्र नाही. तिथल्या डिसॅबिलिटी ऑफिसकडे मुलाने स्वतः जाऊन मागायचं असतं. कॉलेज प्रवेशासाठीच्या एसएटी परीक्षेतला जादा वेळही यातला कुठलाच प्लॅन आपोआप मिळवून देत नाही. ती परीक्षा घेणाऱ्या कॉलेज बोर्डाकडे वेगळा अर्ज लागतो आणि निर्णयाला सात आठवडे लागू शकतात, तेव्हा परीक्षेची तारीख बघून तो आधीच काउन्सेलरमार्फत टाका.