रिंगमधल्या मरणाचा गुन्हेगार कोण?

आज संध्याकाळी गंगापूर रोडला भाच्याच्या बॉक्सिंग क्लासवर बसलो होतो, पोरगं हाताला पट्ट्या गुंडाळत होतं, अंगठ्यातून फिरवून मनगटावर तीन वेढे, आणि माझ्या डोक्यात अमेरिकन बॉक्सर रे मॅन्सिनी आणि दक्षिण कोरियाचा बॉक्सर डुक कू किम. १९८२, लास वेगास, चौदाव्या राऊंडला किम पडला आणि चार-पाच दिवसांत गेला. मॅन्सिनीवर खटला वगैरे काही नाही, नियमात राहूनच मारलं होतं ना. पण त्यानंतर डब्ल्यूबीसीने (जागतिक बॉक्सिंग परिषदेने) टायटल मॅच १५ वरून १२ राऊंडवर आणली, म्हणजे चूक कुठंय ते कळत होतं की राव!

नंतर टपरीवर वकील मित्राला छेडलं. तो म्हणे आपल्याकडे भारतीय न्याय संहितेचं कलम २५, म्हणजे जुन्या भारतीय दंड संहितेचं ८७. संमतीने खेळताना, नियमात राहून लागलं तर गुन्हा नाही, उदाहरण तलवारबाजीचं दिलंय. मुद्दाम फाऊल केला तर मात्र सुटका नाही. आणि संमती देणारा १८ च्या वरचा पाहिजे.

म्हटलं अरे आमचं येडं सोळाचं आहे, फॉर्मवर सही ताईची! तर हा म्हणतो, ते वेगळं प्रकरण, आधी चहाचे पैसे दे.