‘नाही’वरून न कळणारे अधातू

1986 सालच्या जून महिन्यात, शाळा उघडून जेमतेम काही दिवस झालेले असताना, विज्ञानाच्या सरांनी आमच्या आठवीच्या वर्गात फळ्यावर ‘अधातू’ हा शब्द लिहिला आणि पुस्तकातील गुणधर्म मोठ्याने वाचायला सांगितले. अधातूंना चकाकी नसते, ठोकून त्यांचा पत्रा होत नाही, ओढून तार निघत नाही, वाजवून नाद उमटत नाही, त्यांच्यातून उष्णता आणि वीज सहजी वाहत नाही. वाचन संपल्यावर सरांनी आम्हाला त्यातले नकार मोजायला लावले. पाच भरले. मग त्यांनी विचारले, “एखाद्या माणसाबद्दल तो उंच नाही, गोरा नाही, श्रीमंत नाही एवढेच सांगितले, तर तो माणूस तुम्हाला कळला का?” शाळेच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी चार ओळी लिहाव्यात असा निरोप आला, तेव्हा मला सर्वप्रथम हा प्रश्न आठवला, आणि म्हणून त्या पंधरवड्याविषयीच मी लिहितो आहे.

त्या काळी आपल्या शाळेची प्रयोगशाळा म्हणजे मुख्याध्यापकांच्या खोलीतील एक लाकडी कपाट होते. सरांनी त्यातले साहित्य पुरवून पुरवून वापरले आणि उरलेले गावातून गोळा केले. बॅटरीचे संपलेले सेल फोडून आम्ही पोरे त्यातल्या काळ्या कांड्या काढत असू. त्यांतलीच एक घेऊन सरांनी ती तारांमध्ये जोडली आणि छोटा दिवा लागला. ती कांडी कार्बनची, म्हणजे अधातूची. त्याच कार्बनचा हिरा इतका कठीण की तो काच कापतो, आणि ग्रॅफाइट इतके मऊ की कागदावर उमटते. ‘अधातू ठिसूळ आणि मऊ असतात’ हे वाक्य आम्ही त्या दिवसापासून जपून वापरू लागलो.

आयोडीनचा तास मात्र डोळ्यांपुढून हलत नाही. कपाटात आयोडीनचे थोडे स्फटिक होते आणि त्यांना शिशाच्या तुकड्यासारखी काळसर चकाकी होती. अधातूला चकाकी नसते म्हणणारे पुस्तक तिथेच उघडे पडले. सरांनी दोन-तीन कण परीक्षानळीत टाकले, तोंडाला कापसाचा बोळा लावला, खिडकी उघडली आणि नळीचा तळ स्पिरिटच्या दिव्यावर हलकेच शेकला. तळातून जांभळी वाफ उठली. जांभळाच्या रसात पाणी घालावे तसा तो रंग होता, आणि नळीच्या वरच्या थंड भागाला ती वाफ टेकली की तिथे पुन्हा बारीक काळे चमकदार कण धरत. मग प्रथमोपचाराच्या पेटीतील टिंक्चर आयोडीनचा एक थेंब त्यांनी एका मुलीच्या डब्यातील ज्वारीच्या भाकरीवर टाकला. भाकरीवर निळाकाळा डाग पसरला, आणि स्टार्च हा शब्द आम्हाला त्यानंतर कधी पाठ करावा लागला नाही.

हे मूलद्रव्य 1811 साली सापडले, तेही ध्यानीमनी नसताना. नेपोलियनच्या युद्धांसाठी फ्रान्सला बंदुकीची दारू हवी होती, दारूला सोरा हवा होता, आणि बर्नार कूर्त्वा हा कारखानदार त्यासाठी समुद्रशेवाळाची राख वापरत होता. राखेच्या उरलेल्या द्रावणात गंधकाम्ल जास्त पडले आणि जांभळे लोट उठले. सर म्हणाले, आम्ल जास्त पडणे ही चूक कोणाच्याही हातून झाली असती, पण कूर्त्वाने ती वाफ थंड जागी जमलेली पाहिली आणि ते कण पुसून न टाकता जपून ठेवले.

माझी खरी आठवण त्यापुढची आहे. त्या वर्षी माझा आतेभाऊ शिकण्यासाठी आमच्या घरी राहत होता. त्याचे गाव किनवटकडचे. त्याच्या पुढच्या दातांवर तपकिरी पट्टे होते आणि वर्गातील मुले ‘हा दात घासत नाही’ म्हणून त्याला चिडवत. त्यांत मीही होतो, हे आज लिहिताना मला वाईट वाटते. तो कडुनिंबाच्या काडीने हिरड्यांतून रक्त येईपर्यंत दात घाशी, आणि बोलताना ओठांवर हात धरी.

गुरुवार, 26 जूनला सर वर्गात आले ते एक तारीख फळ्यावर लिहूनच: 26 जून 1886. बरोबर शंभर वर्षांपूर्वी त्या दिवशी पॅरिसमध्ये आंरी म्वासाँ याने फ्लोरिन वेगळा केला होता. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लाव्हाझिए याने 1789 साली मूलद्रव्यांची यादी छापली, तेव्हा अधातूंच्या रकान्यात गंधक, स्फुरद आणि कोळशाच्या शेजारी, त्या वेळी कोणीही न पाहिलेल्या या पदार्थासाठी एक ओळ राखून ठेवली होती. ती ओळ खरी करायला सत्त्याण्णव वर्षे लागली, कारण हा वायू ज्या भांड्यात सुटेल त्या भांड्यालाच धरतो. त्याच्या मागे लागलेले आयर्लंडमधील नॉक्स बंधू विषबाधेने अंथरुणाला खिळले. बेल्जियमचा लुये आणि फ्रान्सचा निकलेस यांनी प्राण गमावले. म्वासाँने प्लॅटिनमची वाकडी नळी घेतली, तिची बुचे फ्लुओरस्पार या खनिजाची केली, द्रावण शून्याखाली पन्नास अंशांच्या आसपास थंड केले आणि त्यातून वीज सोडली. बाहेर आलेल्या वायूजवळ सिलिकॉन नेताच तो आपोआप पेटला. 1906 साली त्याला नोबेल पारितोषिक मिळाले आणि पुढच्याच वर्षी तो वारला.

एवढे सांगून सर थांबले आणि म्हणाले, की इतका तापट वायू निसर्गात मोकळा कसा राहील? तो खडकात बांधला जातो. आपल्या गोदाकाठाखाली काळा बेसॉल्ट आहे, पण जिल्ह्याच्या पूर्वेकडे ग्रॅनाइटचा खडक वर येतो, आणि अशा खडकातील खनिजांमधून फ्लोरिन फ्लोराइडच्या रूपाने खोल पाण्यात उतरू शकतो. 1972 च्या दुष्काळानंतर गावोगाव बोअर पडले, हापसे आले, लोकांचे पाण्याचे हाल थांबले. मात्र काही ठिकाणी ते पाणी लहानपणी पिणाऱ्यांच्या दातांचे लुकण, म्हणजे दातांवरचे कठीण आवरण, तयार होतानाच बिघडले. पाणी उकळून फ्लोराइड जात नाही, आणि डाग घासून जात नाहीत. थोडा फ्लोराइड दातांना बळ देतो, जास्त झाला तर दात आणि पुढे हाडेही नासवतो. सरांनी आतेभावाचे नाव घेतले नाही, त्याच्याकडे पाहिलेही नाही. परंतु वर्गातील प्रत्येकाला ते कळले, आणि त्यानंतर त्याला कोणी चिडवल्याचे मला आठवत नाही. घरी जाताना त्याने मला एकच विचारले, “म्हणजे माझं काही चुकलं नव्हतं ना?”

स्फुरदाचा तास त्यामानाने लवकर आटोपला. हॅम्बर्गच्या हेनिग ब्रांटने 1669 साली सोने मिळवण्याच्या नादात मूत्र आटवून अंधारात उजळणारा हा पदार्थ मिळवला, हे ऐकताना आम्ही थक्क झालो. पण ‘नत्र, स्फुरद, पालाश’ हे शब्द खताच्या पोत्यावरून आमच्या वडिलांच्या तोंडी आधीच होते.

मी पुढे रसायनशास्त्र घेतले आणि गेली अनेक वर्षे पाणी तपासण्याच्या प्रयोगशाळेत काम करतो. फ्लोराइडसाठी आम्ही झिर्कोनियम आणि एका लाल रंगद्रव्याचे द्रावण वापरतो. पाण्यात फ्लोराइड असेल तर तो झिर्कोनियमला रंगापासून ओढून घेतो आणि लाली फिकी पडते. जितका फ्लोराइड जास्त, तितका रंग कमी. पिण्याच्या पाण्यात लिटरला 1 मिलिग्रॅमपर्यंत तो चालतो, दुसरा स्रोतच नसेल तर 1.5 पर्यंत. नोकरीला लागल्यावर पहिल्याच सुट्टीत मी आत्याच्या गावी गेलो आणि लहानपणी आतेभाऊ ज्या हापशाचे पाणी प्यायचा, त्याचे पाणी प्लॅस्टिकच्या बाटलीत भरून आणले, कारण असा नमुना काचेच्या बाटलीत ठेवत नाहीत. नळीतील लाली माझ्या डोळ्यांदेखत उतरली आणि आकडा मर्यादेच्या बराच वर गेला.

त्या हापशावर पुढे लाल फुली मारली गेली आणि पिण्यासाठी गावाबाहेरच्या उथळ विहिरीचे पाणी येऊ लागले. आतेभावाची मुलगी त्या पाण्यावर वाढली. मागच्या दिवाळीला ती आमच्याकडे आली होती. हसताना ती ओठांवर हात धरत नाही.