गाव वसवलं, पण रेल्वे कुणाकडे गेली?

बेळगाव जिल्ह्यातल्या लोंढ्याला रेल्वे जंक्शन नसतं तर तिथं काय असतं, हे खानापूरकडच्या माणसाला सांगावं लागत नाही. अमेरिकेतल्या गुलामीमुक्त कृष्णवर्णीयांच्या गावांचा हिशेबही बराचसा असाच आहे.

कॅन्ससमधलं निकोडेमस 1877 सालचं. केंटकीहून आलेले लोक पहिल्या हिवाळ्यात जमिनीत खणलेल्या खोपट्यांत राहिले, कारण माळावर लाकूडच नव्हतं. दहा वर्षांत दुकानं, चर्च, वर्तमानपत्रं झाली. मग रेल्वे यावी म्हणून गावानं 16,000 डॉलरचे रोखे मंजूर केले. तरी 1888 मध्ये रूळ नदीपलीकडून गेले आणि दुकानं तिकडे हलली. मेहनतीत काही कमी नव्हती. रूळ कुठून न्यायचे ते मात्र गावाच्या हातात नव्हतं.

मिसिसिपीतल्या माउंड बायूनं, 1887 मध्ये, उलटा क्रम धरला. आयझाया माँटगोमेरी आणि बेंजामिन ग्रीन यांनी आधी रेल्वेलगतची जागा घेतली, मग दलदलीतलं रान तोडून कापूस लावला. हे गाव टिकलं.

फ्लोरिडातल्या ईटनव्हिलमध्ये त्याच वर्षी 15 ऑगस्टला (तारीख बघा!) 27 मतदारांनी स्वतःची नगरपालिका ठरवली. नगरपालिकेचा कागद महत्त्वाचा, कारण त्यामुळं महापौर आणि शहर मार्शल (गावचा पोलीसप्रमुख) आपलेच.

कॅलिफोर्नियातलं 1908 चं ॲलन्सवर्थ मात्र पाण्यानं मारलं. जमीन विकणाऱ्या कंपनीनं कबूल केलेलं पुरेसं पाणी दिलंच नाही आणि 1914 मध्ये रेल्वेचा थांबाही गेला.