डोडोचे जाणे

काल रात्री ‘डॉक्टर हू’ या जुन्या ब्रिटिश दूरचित्रवाणी मालिकेतली ‘द वॉर मशीन्स’ ही १९६६ सालची कृष्णधवल कथा पाहिली आणि तेव्हापासून एक चुटपुट मनाला लागून राहिली आहे. लंडनच्या पोस्ट ऑफिस टॉवरमधला वोटन नावाचा संगणक माणसांची मने ताब्यात घेतो, आणि मालिकेचे म्हातारे नायक ‘डॉक्टर’ यांची सोबतीण डोडो त्याला बळी पडते. दुसऱ्या भागात डॉक्टर तिच्या डोळ्यांसमोर आपली अंगठी धरतात, तिच्या मनावरचा तो अंमल उतरवतात, आणि तिला विश्रांतीसाठी कोणाच्या तरी खेड्यातल्या घरी पाठवले जाते. झाले. त्यानंतर ती दिसतच नाही. चौथ्या भागाच्या शेवटी डॉक्टर तिची वाट पाहत उभे असतात, तेव्हा नुकतीच ओळख झालेली दोन तरुण मंडळी येऊन सांगतात, की डोडो आता लंडनलाच राहणार आहे आणि तिने तुम्हाला प्रेम कळवले आहे. म्हातारा करवादतो आणि चालू लागतो.

मला गुरुवारी जे कळले तेही असेच तिसऱ्याच्याच तोंडून. त्याविषयी आज लिहायचे नाही.

डोडोचे काम करणारी जॅकी लेन मँचेस्टरची. २६ फेब्रुवारीला ती पहिल्यांदा पडद्यावर आली आणि २ जुलैला शेवटची. या मालिकेतले तिचे सगळे आयुष्य एवढेच, एकोणीस भागांचे. आरंभी डोडो साध्या, कष्टकरी वस्तीतल्या बोलीत बोलते. मग वरून हुकूम आला, की बीबीसीच्या नायिकेला हे शोभत नाही, आणि पोरगी एकाएकी शुद्ध बोलू लागली. पुढे निर्माते बदलले, नव्या निर्मात्यांना ते पात्र नको होते, आणि करार संपला तो नेमका कथेच्या मध्यावर. करार संपतात, त्याचे मला काही वाटत नाही. पण भरल्या पानावरून उठवलेल्या माणसाला निदान हात धुऊन दोन शब्द बोलू द्यावेत, तेवढेही कोणाला सुचू नये? एक दृश्य, दोन मिनिटांचे, आधीच चित्रित करून ठेवता आले नसते का? आला असता खर्च, पण किती? पुन्हा त्या एकोणीस भागांतले आठ आज उपलब्धच नाहीत, कारण त्या काळी बीबीसी जुन्या फिती पुसून टाकत असे. म्हणजे बाई गेली तीही न सांगता, आणि तिचे असणेही निम्म्याच्या जवळपास पुसले गेले. हे वाचून मध्यरात्री मला स्वतःचीच इतकी कीव आली, की वहिनींना फोन करण्याचाही विचार मनात येऊन गेला.

सकाळी पुढचे वाचले. जॅकीबाईंनी अभिनय सोडला आणि त्या कलाकारांच्या एजंट झाल्या. टॉम बेकर, म्हणजे त्याच मालिकेत पुढे डॉक्टरांचे काम करून सर्वांत लाडके ठरलेले नट, त्यांचे अशील होते! ज्यांनी यांना साधे दोन शब्द बोलू दिले नाहीत, त्यांच्या दैवताची कामे आणि पैसे ठरवायला या बसल्या. २०२१ मध्ये त्या वारल्या. टेबलाच्या त्या बाजूला बसून करारातले ‘मुदत’ हे कलम वाचताना त्यांना काय वाटत असेल, याचा अंदाज मी दिवसभर बांधत होते, आणि दर वेळी मला त्या हसतानाच दिसल्या. पण तो माझा स्वभाव.

सोमवारी मला बोलावले आहे. नाना म्हणतात, मान ठेवून जाऊन ये. जाईन, मानधन मात्र आधी लेखी घेईन.