तुम्ही विचारलंत म्हणून : लंकेत आम्ही कोणाच्या बाजूनं होतो?

सकाळी साडेपाचला आमच्या गावाबाहेरच्या डांबरी रस्त्यावर पोरं पळतात. अग्निवीरची तयारी. सोळाशे मीटर पळून झालं की धापा टाकत माझ्या ओट्यावर येऊन टेकतात, कारण माझ्याकडं घड्याळ असतं आणि माठात पाणी असतं. मी हवालदार म्हणून निवृत्त झालो, मग बारा वर्षं लातूरला एका बँकेच्या दारात बंदूक घेऊन बसलो, आता ओट्यावर बसतो.

पोरांचे प्रश्न ठरलेले. पहिला, "मामा, तुम्ही कारगिलला होता का?" नव्हतो. "मग कुठली लढाई?" लंका. इथं त्यांचे चेहरे पडतात. रामायण सोडलं तर लंकेत आपण कधी लढलो हे त्यांच्या गावीही नसतं. एखाद्यानं जीके पाठ केलेलं असतं. तो म्हणतो, "लंकेतलं परमवीर चक्र, मेजर रामस्वामी परमेश्वरन, ८ महार, २५ नोव्हेंबर १९८७." बरोबर, पूर्ण मार्क. आणि मग तो तिसरा प्रश्न येतो, जो मला गेली तीसेक वर्षं पोरांनी, पाहुण्यांनी, बँकेतल्या साहेबांनीसुद्धा विचारलाय : "पण ते भांडण तर त्यांचं आपसातलं होतं ना? मग तुम्ही कोणाच्या बाजूनं होता?"

आजवर मी "सरकारच्या" एवढंच सांगून सगळ्यांना वाटेला लावत आलो. परवा एक पोरगं म्हणालं, "कोणत्या सरकारच्या?" म्हणून आता नीट सांगतो.

आधी जे मला मागाहून वाचून कळलं ते उरकून टाकतो. तिथं असताना यातलं निम्मंही आम्हाला माहीत नव्हतं. लंकेत सिंहली जास्त, तमिळ कमी, आणि तमिळ मुख्यतः उत्तरेला आणि पूर्वेला. १९८३ च्या जुलैत कोलंबोत तमिळांची घरंदारं जाळली, माणसं मारली, आणि तिथून ते यादवी युद्ध पेटलं. लढणाऱ्या तमिळ पोरांना सुरुवातीला शिक्षण आणि हत्यारं आपल्याच देशातून मिळाली. पुढं २९ जुलै १९८७ ला राजीव गांधी आणि लंकेचे अध्यक्ष जयवर्धने यांनी कोलंबोत करार केला. दुसऱ्याच दिवशी मानवंदना घेताना तिथल्या एका नौसैनिकानं राजीव गांधींवर बंदुकीचा दस्ता हाणला. माझ्या मते त्याच दिवशी ओळखायला हवं होतं की या घरात आपल्याला जेवायला बोलावलेलं नाही. पण फौज गेली. नाव होतं शांतिसेना. तमिळांच्या भागात लंकेच्या फौजेनं बरॅकीत बसायचं, वाघांनी, म्हणजे एलटीटीई या संघटनेच्या लढणाऱ्या तमिळ पोरांनी, हत्यारं टाकायची आणि आपण मध्ये उभं राहायचं, असा बेत.

आमच्या आधी जी पलटणं गेली त्यांना जाफन्यात, म्हणजे उत्तरेकडच्या तमिळ भागात, लोकांनी हार घातले. आमच्या वाट्याला हार आले नाहीत. आम्ही ऑक्टोबरात पलालीच्या धावपट्टीवर उतरलो तोवर सगळं फिरलं होतं. तिलीपन नावाचा वाघांचा एक तरुण नल्लूरच्या देवळाजवळ पाण्याचा थेंबही न घेता उपोषणाला बसला आणि २६ सप्टेंबरला वारला. ५ ऑक्टोबरला लंकेच्या नौदलानं पकडलेल्या वाघांपैकी बारा जण सायनाइड खाऊन मेले. १० ऑक्टोबरपासून आपली लढाई सुरू झाली, ऑपरेशन पवन. ११ तारखेच्या रात्री जाफना विद्यापीठाच्या मैदानात हेलिकॉप्टरनं उतरवलेल्या १३ सिख लाइट इन्फन्ट्रीच्या तीस जणांतले एकोणतीस गेले. आम्ही पोचलो तेव्हा लंगरात चहाच्या रांगेत तेवढी एकच गोष्ट चालली होती, आणि तीही दबक्या आवाजात.

म्हणजे ज्यांना वाचवायला गेलो त्यांच्याशीच गाठ पडली, आणि ज्यांच्यापासून वाचवायचं होतं ते बरॅकीत बसून बघत राहिले. दक्षिणेकडचे सिंहली तरुण "भारतीय माल विकू नका" म्हणून दुकानदारांना धमकावत होते. पुढं १९८९ मध्ये लंकेचे नवे अध्यक्ष प्रेमदासा यांनी तर आपल्याशी लढायला वाघांनाच हत्यारं पुरवली. आता सांगा, बाजू कुठली?

पण खरं सांगायचं तर पायदळातल्या जवानाला बाजूचा विचार करायला सवडच नसते. त्याला रस्त्याचा विचार असतो.

जाफन्याचे रस्ते बघायला हवेत. दोन्ही बाजूंनी ताडाच्या झावळ्यांची कुंपणं, माणसाच्या डोक्यावरून उंच, आणि मधून बैलगाडी जेमतेम जाईल एवढी बोळ. कुंपणापलीकडं कोण आहे ते दिसत नाही, फक्त कोंबडी ओरडलेली ऐकू येते. आमच्या हातात एसएलआर रायफल. चार किलोच्या वर वजन, लांबी मीटरभराच्या वर, एकदा घोडा ओढला की एक गोळी. बोळीत वळताना नळी कुंपणात अडकायची. समोरच्या सतरा वर्षांच्या पोराकडं एके-४७, घोडा दाबून धरला की तीस गोळ्या. पुढं आम्हालाही काही एके मिळाल्या, पण तोवर शिकायचं ते शिकून झालं होतं.

गोळीपेक्षा भीती सुरुंगाची. रस्त्यात ड्रम पुरलेला, त्याची वायर जमिनीखालून लांब ताडाच्या बनात गेलेली, आणि तिथं कोणीतरी आमची वाट बघत बसलेलं. सकाळी रस्ता उघडायला निघालो की नजर पायाखाली. माती उकरलेली दिसते का, नवं ठिगळ दिसतं का, वायरीचं टोक दिसतं का. ती नजर अजून गेली नाही. आजही डांबरावर ठिगळ दिसलं की माझी पावलं आपोआप बाजूला वळतात. आमच्या तालुक्यातले रस्ते म्हणजे नुसती ठिगळंच, त्यामुळं मी पिऊन चालल्यासारखा चालतो असं बायको म्हणते.

बाकी युद्ध म्हणजे ओले पायमोजे. आमच्याकडं पाऊस परतला की तिथं सुरू होतो. त्या साली देशभर दुष्काळ. गुरुजींकडून लिहून घेतलेल्या आईच्या पत्रात "ज्वारी पेरली नाही, विहिरीनं तळ गाठला" एवढंच असायचं. आणि ते पत्र मी भर पावसात, खंदकात गुडघाभर पाण्यात उभं राहून वाचायचो. बूट आठ-आठ दिवस पायातून निघत नव्हते. जेवण येईल तेव्हा येईल, नाहीतर खिशातले शक्करपारे. ते अजून माझ्या घशाखाली उतरत नाहीत. दिवाळीला घरात शंकरपाळी तळायला घेतली की मी शेतात जातो.

शेतकऱ्याचा पोरगा असल्यामुळं मला एक खोड होती. दुसऱ्याचं रान बघितल्याशिवाय राहवायचं नाही. जाफन्यात नदी नाही. खाली चुनखडीचा दगड, वर लाल माती, आणि सगळी शेती विहिरीवर. बारीक लाल कांदा, मिरची, तंबाखू. वाफे असे आखलेले की वाटावं सुतानं मापलेत. त्या वाफ्यांतून आम्ही सरळ बूट घालून चालायचो, कारण रस्त्यात सुरुंग. एकदा एक म्हातारा बांधावर उभा राहून बघत होता. शिवी नाही, हात जोडणं नाही. आम्ही गेल्यावर तो वाकून रोपं सरळ करायला लागला. मी मागं वळून दोनदा बघितलं. पुढच्या नायकानं मला त्यासाठी झापलं, आणि बरोबरच झापलं.

भाषा कोणालाच येत नव्हती. तीनेक शब्द शिकलो होतो. तण्णी म्हणजे पाणी. अण्णा म्हणजे दादा, तो आपल्याला पटकन पाठ झाला. आणि तेरियादु, म्हणजे ठाऊक नाही. हा शब्द आम्ही रोज शंभरदा ऐकला. सुरुंग कोणी पुरला? तेरियादु. पोरगा कुठाय? तेरियादु. लोक वाघांना पोरंच म्हणत. सुरुवातीला आम्हाला संताप यायचा की हे सगळे खोटारडे आहेत. नंतर उमगलं. दिवसा आम्ही यायचो, रात्री पोरं यायची. आम्हाला नाव सांगितलं तर रात्री खांबाला बांधून गोळी, नाही सांगितलं तर दिवसा आमचा मार. त्यात एखाद्याचा मुलगा खरंच वाघांत, आणि दुसऱ्याच्या मुलाला वाघांनी जबरदस्तीनं नेलेलं. त्या माणसानं "ठाऊक नाही" याशिवाय काय म्हणावं?

आता ती गोष्ट, जी मी एरवी पोरांना सांगत नाही.

नोव्हेंबरातली झडती. एका घराच्या अंगणात जमीन खणून वर ताडाचे ओंडके आणि वाळूची पोती टाकलेला बंकर होता. तिथं बहुतेक घरी असायचा. लंकेची विमानं बॉम्ब टाकायची त्या दिवसांत लोकांनी खणलेले. आमचा कायदा सोपा होता, जो कागदावर कुठंही नव्हता : अंधाऱ्या भोकात आधी ग्रेनेड, मग माणूस. आदल्याच दिवशी अशाच एका भोकातून आमच्या सेक्शनच्या एकाच्या पोटात गोळ्यांचा बर्स्ट गेला होता. मी ग्रेनेड काढला. पिन निघेना. बोटं घामानं आणि पावसानं निसटत होती. तेवढ्या वेळात आतून खोकला आला, लहान लेकराचा. मी काय ओरडलो? "बाहेर या!" चक्क मराठीत. एक म्हातारी, एक तरणी बाई, दोन लेकरं आणि एक शेळी एवढं त्यातून बाहेर आलं.

ऐकणाऱ्याला वाटेल की मी त्यांना वाचवलं. तसं अजिबात नाही. पिन निघाली असती तर मी टाकला असता. दोन घरं पलीकडं आम्ही पोचलो तेव्हा अंगणात धूर होता आणि काम झालेलं होतं. कोणी केलं ते मी विचारलं नाही, आत वाकून बघितलं नाही. आणि २१ ऑक्टोबरला जाफन्याच्या हॉस्पिटलात आपल्या फौजेच्या गोळ्यांनी डॉक्टर, नर्स, रुग्ण मिळून साठाच्या वर माणसं मेली. तेही मी तेव्हा ऐकलं आणि ऐकलं नाहीसं केलं. आज मी माझ्या पलटणीची मान खाली घालायला हे लिहीत नाही. माझ्या सेक्शनचे दहातले तीन तिथंच राहिले, त्यांची आठवण मला रोज येते. पण तुम्ही बाजू विचारलीत, म्हणून अंगणाच्या दोन्ही बाजू सांगतो.

१९८८ च्या उन्हाळ्यात सुटीवर आलो. गावात सगळ्यांनी विचारलं किती मारले. माझ्या आजीनं एकटीनं वेगळं विचारलं. ज्वारी पाखडता पाखडता म्हणाली, "तिथल्या बाया लपतेत कुठं रं? पेवं हायती का त्यांच्यात?"

आजीचं माहेर नळदुर्गजवळ, सोलापूर-हैदराबाद रस्त्यालगत. १९४८ साली ती अठरा-एकोणीस वर्षांची, पहिलटकरीण, माहेरी आलेली. रझाकार येणार अशी आवई उठली की बाया पेवात, म्हणजे ज्वारी साठवायच्या जमिनीतल्या खोल खड्ड्यात, उतरायच्या. भादव्यात पेव अर्धं रिकामं झालेलं असतं, खाली ज्वारी आणि वर माणसं. पण पेव उघडल्या उघडल्या आत उतरता येत नाही, आतली हवा मारते. तोंड उघडून थांबावं लागतं. आजी म्हणायची की त्या थांबण्यातच जीव जायचा. वर उभं राहिलं तर रझाकार, खाली उतरलं तर हवा. १३ सप्टेंबरला हिंदुस्थानची फौज सोलापूरकडून रणगाडे घेऊन त्या रस्त्यानं आली, त्या दिवशी या बाया पुन्हा पेवात. धुरळा कोणाचा आहे हे त्यांना कोण सांगणार? पाच दिवसांत निजामानं शरणागती दिली. आणि मग आठवड्याच्या आत त्याच पेवात शेजारची मुसलमान सून दोन लेकरं घेऊन बसली होती, कारण आता तिच्या घरावर माणसं चालून येत होती. आजीच्या बापानं तोंडावर कडब्याच्या पेंढ्या रचल्या आणि वर बैल बांधला. हे आमच्या घरात कोणी मोठ्यानं सांगत नाही. आजीनं मलाही ते त्या दिवशीच सांगितलं, तेही मी बंकरचं सांगितल्यावर.

तिनं एकच विचारलं, "बाहेर आल्यावर त्या म्हातारीनं तुमाला काय दिलं?" मी म्हणालो, विहिरीतून पाणी काढून दिलं, पण आम्ही प्यालो नाही, हुकूम नव्हता, विष असू शकतं. आजी म्हणाली, "आन् तिनं बघितलं का सांडताना?" बघितलं होतं.

आमची पलटण १९९० च्या सुरुवातीला परतली. शेवटचे जवान २४ मार्चला त्रिंकोमालीहून निघाले. साडेअकराशेच्या वर जवान तिथं कामी आले. मद्रासला उतरणाऱ्या फौजेच्या स्वागताला तमिळनाडूचे मुख्यमंत्री करुणानिधी गेले नाहीत. तेव्हा राग आला होता, आता येत नाही. ज्या लोकांची भाषा बोलणाऱ्यांशी आम्ही लढून आलो होतो त्यांच्या दारात बँड वाजवा म्हणणं जरा जास्तच होतं. पुढच्याच वर्षी श्रीपेरुंबुदूरला वाघांनी राजीव गांधींना मारलं. लंकेतली लढाई पुढं २००९ च्या मेपर्यंत चालली. कोलंबोजवळ आपल्या जवानांचं स्मारक आहे, काळ्या दगडावर नावं आहेत. माझ्या सेक्शनचे तिघे त्यात असणार. जायला जमलं नाही.

तर परवा हे सगळं त्या पोराला सांगितलं. हॉस्पिटलचं सोडून, ते इथंच पहिल्यांदा लिहितोय. पोरगं शांत ऐकत होतं. मला वाटलं आता पगाराचं नाहीतर चार वर्षांनंतरचं विचारील. ते म्हणालं, "मामा, पेव म्हणजे काय?"

मी त्याला वाड्याच्या मागं घेऊन गेलो. आमचंही एक होतं. तोंडावर फरशी टाकून बुजवलंय, आणि वर माझ्या पोरानं कडबाकुट्टीचं यंत्र बसवलंय. पोरानं फरशीवर पाय आपटून बघितला. अजून पोकळ वाजते.