हेल्मेट कॅम अपडेट: माणूस तळाला का जात होता ते सापडलं (एकदाचं!)

लोकहो, सापडलं! मागच्या अपडेटमध्ये रडले होते ना, की स्कायडायव्हिंगच्या माझ्या फिल्मसाठी हेल्मेटवरच्या कॅमेऱ्याने शूट करताना समोरचा जंपर दर वेळी फ्रेमच्या तळाला जाऊन बसतो, वर नुसतं निळंशार आकाश आणि खाली बिचाऱ्याचे हात कापलेले, तेच ते. अकरा जंप गेल्या त्यात. १३,००० फुटांवरून उडी मारली की फ्रीफॉल (पॅराशूट उघडण्याआधीचं पडणं) मिळतो जेमतेम मिनिटभर, आणि त्या अकरा मिनिटांतून टाइमलाइनवर टाकण्यासारखं काय निघालं तर चाळीस सेकंद, तेही मन मोठं करून.

माझं साइट (नेम धरायची खूण) म्हणजे अजूनही तोच जुगाड, गॉगलच्या काचेवर मार्करने काढलेला ठिपका. जमिनीवर लांबच्या खांबावर ठिपका धरायचा, कॅमेऱ्याच्या स्क्रीनवर खांब मध्यात आला की माउंट आवळायचा, झालं. वाइड लेन्सवर दोनशे जंप असंच चाललं आणि कधी बिघडलं नाही. खरं तर बिघडलेलं होतंच, वाइडने पाप झाकलं होतं इतकंच! फिल्मसाठी कमी रुंद दाखवणारी ३५ एमएम लेन्स लावली आणि सगळं उघड्यावर आलं.

मी आधी माउंटला शिव्या घातल्या, तो बदलला. मग वाटलं मीच मान वर करतेय, म्हणून दोन जंप मुद्दाम हनुवटी छातीकडे ओढून उडाले, तर फ्रेम तशीच आणि मान मात्र दोन दिवस धरलेली. शेवटी उत्तर मिळालं ते दुसऱ्याच्या फुटेजमध्ये. मागच्या रविवारी जोडीदारानेही कॅमेरा लावला होता, त्यात माझा चेहरा क्लोजमध्ये आलाय (बघवत नाही, गाल कानापर्यंत गेलेत). एडिट करताना सहज पॉज केलं तर गॉगलची वरची कड आणि हेल्मेट यांच्यात चांगली दोन बोटं फट! विमानात असतानाच्या शॉटमध्ये तिथे काही म्हणजे काही फट नाही.

म्हणजे बेलीवर, पोट खाली करून पडताना, ताशी १९०-२०० किलोमीटरचा वारा खालून येतो, हेल्मेटची पुढची कड उचलतो, हेल्मेट मागे कलंडतं, त्यावरचा कॅमेरा आकाशाकडे बघायला लागतो, आणि गॉगल मात्र चेहऱ्याला घट्ट चिकटलेला, त्यामुळे ठिपका जिथल्या तिथे. मी ठिपका अगदी बरोबर माणसावर धरत होते हो! कॅमेराच भलतीकडे बघत होता.

खात्री करायला घरी माउंटवर लेझर पॉइंटर टेपने चिकटवला, पाच मीटरवरच्या भिंतीवर खूण केली आणि भावाला सांगितलं, पुढची कड बोटाने उचल. सेंटिमीटरभर उचलली तर लेझर वीतभर वर. दोन सेंटिमीटर उचलली तर दोन वीत. भाऊ म्हणाला, "यासाठी तू विमानातून उड्या मारत होतीस?"

तर आता उपाय. चिनकपची (हनुवटीखालच्या कपाची) पट्टी ही पहिली गुन्हेगार, हेल्मेटसोबत आलेली पट्टी पॅराशूट उघडण्याच्या झटक्यालाही सैल पडते, असले हेल्मेट 'कॅमेरा रेडी' म्हणून विकणाऱ्यांना एकदा तरी दारातून बाहेर ढकलायला हवं (पॅराशूटसकट, घाबरू नका). रिगरकडून (पॅराशूटची देखभाल करणारा) पट्टी बदलून घेतेय, कटअवे (काही अडकलं तर हेल्मेट झटक्यात सोडवायची सोय) मात्र आहे तोच राहणार, त्याच्याशी खेळ नाही. आतून मागच्या बाजूला जाड फोम. आणि ठिपक्याच्या जागी हेल्मेटला जोडलेला आर्म लावून त्यावर ठिपका काढायचा, असा प्लॅन होता. पण हे लिहितानाच लक्षात येतंय की डोळ्याच्या इतक्या जवळचा ठिपका, हेल्मेट जरा हललं की पुन्हा खोटं बोलणार, शिवाय पॅराशूटची लाइन अडकायला आणखी एक दांडी. म्हणजे सरळ रिंग साइटच (डोळ्यासमोरची छोटी काच, तिच्यात नेम धरायला वर्तुळं दिसतात) घ्यावं. त्यातली वर्तुळं लांबवर असल्यासारखी दिसतात, डोळा थोडा सरकला तरी दिशा बदलत नाही, आणि साइट हेल्मेटवरच असल्याने कॅमेऱ्याबरोबरच कलंडतं. ज्यांनी मला वर्षापूर्वी हेच सांगितलं होतं त्यांनी गप्प बसावं ही विनंती.

बाकी दोन गोष्टी छान झाल्या. बाइट स्विच (दातांनी चावून रेकॉर्डिंग चालू-बंद करायचं बटण) आता एकदाच चावतेय, पूर्वी घाबरून दोनदा चावायचे आणि रेकॉर्डिंग चालू होऊन लगेच बंद. आणि फोकसची कटकट संपली: लेन्सचं छिद्र एफ ८ वर, फोकस पाच मीटरवर टेप लावून लॉक, अडीच मीटरपासून पुढे सगळं शार्प.

मला सारखा कार्ल बेनिश आठवतो. इंजिनियरची नोकरी सोडून हा माणूस फ्रीफॉल शूट करायला लागला, १९७८ मध्ये एल कॅपिटन या अमेरिकेतल्या उंच कड्यावरून मारलेल्या उड्या त्याने फिल्मवर घेतल्या. तेव्हा फ्रेम चुकलीय हे कळायला रीळ धुऊन यावं लागायचं. मी लँड झाल्यावर दहा मिनिटांत लॅपटॉपवर बघते आणि तरी अकरा जंप! माझंही बेनिशच्या नोकरीसारखंच होत चाललंय म्हणा, आधी जाहिराती एडिट करून त्या पैशात जंप करायचे, आता फोन येतो तोच "हवेतलं शूट करता ना तुम्ही?" असा.

शनिवारी तीन जंप, पहिल्या दोन नुसत्या टेस्ट. जोडीदाराला सांगितलंय, तीन मीटरवर राहा, ब्रेक-ऑफपर्यंत (पॅराशूट उघडायला एकमेकांपासून लांब जाईपर्यंत) जागचा हलू नकोस आणि हात पसरलेले ठेव. दोन्ही पंजे फ्रेममध्ये आले तर तिसऱ्या जंपला फिल्मचा ओपनिंग शॉट.