तासाला अडीच मिनिटं

मिनिटाला पन्नास वेळा एकच कळ दाबायची. हे गणित मी घरी आल्यावर मांडलं. त्या संध्याकाळी नेरुळच्या हॉलमध्ये लॅपटॉपपाशी बसलेला मुलगा बिचारा नुसता घामाघूम होऊन कळ बडवत होता, आणि पडद्यावरची माझी मराठी वाक्यं तरीही मागेच पडत होती. सिनेमाचा नायक मामूट्टी गप्प उभा, खाली त्याचं बोलणं. वॉर्डर बोलतोय, खाली मामूट्टीचं आधीचं उत्तर. मागून कुणीतरी म्हणालं, "अहो, ह्यांचं काहीतरी बिनसलंय."

बिनसलं होतं ते माझंच होतं.

मी ठाण्यात नौपाड्यात राहते आणि उपशीर्षकं करते, म्हणजे सबटायटल्स. दोन ओळी, ओळीला 35 अक्षरं, वाचणाऱ्याची नजर दमायच्या आत संपलेलं वाक्य. पोटापाण्याला मालिका आणि कंपन्यांच्या फिल्मा असतात. हे काम मात्र हौसेचं होतं. नेरुळमधल्या एका वाचकगटाला अडूर गोपालकृष्णन यांचा 'मतिलुकळ' हा मल्याळी सिनेमा मराठी अक्षरांसह दाखवायचा होता. मतिलुकळ म्हणजे भिंती. वैकम मुहम्मद बशीर यांची छोटी कादंबरी, त्यांच्या स्वतःच्या तुरुंगवासावर लिहिलेली. पुरुषांचा तुरुंग, शेजारी बायकांचा, मध्ये उंच भिंत. पलीकडून नारायणी नावाची एक कैदी अलीकडच्या बशीरशी, म्हणजे मामूट्टीशी, बोलते. दोघं भिंतीआडून प्रेमात पडतात. ती आहे हे सांगायला वाळकी फांदी वर उडवते, तो खाली उभा राहून आभाळाकडे बघतो. नारायणी पूर्ण सिनेमात एकदाही दिसत नाही. नुसता आवाज, आणि तो आवाज मल्याळी अभिनेत्री केपीएसी ललिता यांचा.

त्या 22 फेब्रुवारी 2022 ला गेल्या. त्याच वर्षी पावसाळ्यात हा कार्यक्रम ठरला, आणि तो ठरवला चेचीने.

चेची म्हणजे मल्याळममध्ये थोरली बहीण; ही त्या गटातली एकमेव मल्याळी. निवृत्त नर्स, उभं आयुष्य मुंबईच्या इस्पितळांत गेलेलं. मराठी फर्डं, फक्त चिडल्यावर लिंगं इकडची तिकडे होतात. मला मल्याळम येत नाही. मी इंग्रजीवरून मराठी केलं आणि ते पारखून घ्यायला पाच रविवार ठाणे-नेरुळ लोकल पकडून तिच्याकडे जात राहिले. काळा चहा, केळ्याचे वेफर आणि वाद. सगळ्यात मोठा वाद नारायणीच्या तोंडी 'तू' घालायचं की 'तुम्ही' यावर झाला. मला वाटत होतं, प्रेमात पडल्यावर तिने 'तू'वर यावं. चेची म्हणाली, "मोळे (म्हणजे पोरी), ती लाडात आली तरी 'तुम्ही'च म्हणणार. लाड शब्दात नाही, सुरात आहे." शेवटी 'तुम्ही' ठेवलं आणि जागोजागी एखादा 'ना', एखादा 'हो' पेरला. पस्तीस अक्षरांत दोन अक्षरं लाडाला देणं परवडतं.

ललिताबाईंची गोष्ट मला चेचीकडूनच कळली, आणि ती क्रमाने कधीच नाही. मूळ नाव महेश्वरी. 'केपीएसी' ही आद्याक्षरं वाटली तरी ते नाटक कंपनीचं नाव, केरळ पीपल्स आर्ट्स क्लब. डाव्या चळवळीतली नाटक मंडळी; आपल्याकडचं लाल बावटा कलापथक डोळ्यांपुढे आणा, म्हणजे जात कळेल. नाटककार तोप्पिल भासींनी तिथे त्यांना ललिता नाव दिलं, आणि सिनेमात आल्यावर दुसऱ्या ललितेशी घोळ नको म्हणून कंपनीचंच नाव पुढे लागलं. पहिला सिनेमा 1969 चा 'कूट्टुकुडुंबम', तोही केपीएसीच्याच नाटकावरचा. पुढे साडेपाचशेच्या वर. नायिका अशा त्या फारशा झाल्याच नाहीत. आई, शेजारीण, सासू, भांडकुदळ नणंद, हसवणारी, रडवणारी. सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार दोनदा: एकदा 'अमरम'साठी, कोळ्यांच्या वस्तीतल्या बाईच्या भूमिकेसाठी, आणि पुन्हा 2000 सालच्या 'शांतम'साठी. 'अमरम' त्यांच्या नवऱ्याने, भरतन यांनी दिग्दर्शित केलेला. नवरा 1998 मध्ये गेला, बाई काम करत राहिल्या. नंतर केरळ संगीत नाटक अकादमीच्या अध्यक्ष झाल्या.

'मतिलुकळ'साठी मात्र त्यांना काहीच मिळालं नाही. मामूट्टीला अभिनयाचा राष्ट्रीय पुरस्कार, अडूरना दिग्दर्शनाचा. दिसलीच नाही त्या बाईला कसला द्यायचा, असं असेल. मला हे पटत नाही, पण पुरस्कार समितीत मला कोण बसवतंय.

कार्यक्रमावरून आमचं खरं भांडण झालं ते फोटोवरून. चेचीने ललिताबाईंचा मोठा फोटो फ्रेम करून आणला होता. टेबलावर ठेवायचा, हार घालायचा, मग सिनेमा. मी म्हटलं, फोटो सिनेमा संपल्यावर ठेवू. चेहरा आधी दाखवलात तर भिंतीपलीकडे सगळ्यांना तोच दिसेल. चेची म्हणाली, "मग? आम्हाला तर दिसतोच." आणि खरंच आहे. केरळातल्या माणसाने तो आवाज शंभर सिनेमांत ऐकलेला. त्याच्यासाठी नारायणी कधी अदृश्य नव्हतीच. आपल्याकडे भिंतीपलीकडून भक्ती बर्वे बोलल्या असत्या तर 'ती फुलराणी' पाहिलेला कुठला प्रेक्षक म्हणाला असता की बाई दिसत नाही? पण नेरुळच्या मराठी मंडळींनी हा आवाज कधी ऐकलेला नव्हता. त्यांच्यासाठी ती भिंत खरीखुरी भिंत होती. मला ती तशीच राहायला हवी होती. चेचीने फोटो पिशवीत उलटा ठेवला आणि दोन दिवस फोन केला नाही.

आता बिघाडाकडे येते. मी काम केलं ती प्रत सेकंदाला 24 चित्रांची. हॉलवर लावली ती कुणाच्या तरी संग्रहातली डिस्क, सेकंदाला 25 ची. फरक एका चित्राचा, पण त्याने सिनेमा जरा भरभर पळतो आणि अक्षरं तासाला अडीच मिनिटं मागे पडतात, म्हणजे मिनिटाला अडीच सेकंद. कळीच्या एका दाबाला ती सेकंदाचा विसावा भाग सरकायची, म्हणून ते मिनिटाला पन्नास दाब. दुपारी तपासणी केली तेव्हा पहिलंच वाक्य काही सेकंद उशिरा आलं. मी ते सरकवून जुळवलं आणि म्हटलं, झालं. पुढचं बघितलंच नाही. वीस वर्षं हेच काम करणारी बाई पहिलं वाक्य जुळवून वडापाव खायला गेली.

सुरुवातीला कुणाच्या लक्षात आलं नाही. मग कुजबुज सुरू झाली. मुलगा कळ दाबून अक्षरं पुढे ओढायचा, दोन मिनिटांनी पुन्हा तेच. एकजण म्हणाले, इंग्रजी अक्षरं लावा. त्यांच्या शेजारच्या बाई म्हणाल्या, मग मी घरीच बसले असते ना. मला वाटत होतं फाइलच खराब झाली. वेग हे कारण डोक्यातच येईना.

अर्ध्याहून जास्त सिनेमा झाला आणि भिंतीपलीकडून पहिल्यांदा आवाज आला. माझ्या शेजारी चेची ताठ झाली. मला वाटलं, भरून आलं असेल. तिने माझा हात दाबला आणि कानाशी म्हणाली, "हा ललिता नाही. बारीक लागतो आवाज. कुणी बदलला?"

सिनेमा भरभर पळाला की आवाजही चढतो, अर्ध्या सुरापेक्षा थोडा कमीच. हॉलमधल्या कुणालाही ते कळलं नव्हतं. मलाही नाही, आणि माझ्या हेडफोनांत तो आवाज दोन महिने होता. चेचीला मात्र एका वाक्यात कळलं.

कारण सापडलं, पण माझा लॅपटॉप ठाण्यात. (वेग बदलायची सोय त्या मुलाच्या प्लेअरमध्येच होती, हे मला नंतर समजलं. अंधारात सत्तर माणसं चुळबुळत असताना कुठलं सुचतंय.) हॉल साडेआठपर्यंतच आमचा. पिशवीत छापील संहिता होती. मी मुलाला अक्षरं बंद करायला सांगितली, माइक घेतला, कोपऱ्यात मोबाइलच्या उजेडात उभी राहिले आणि वाचायला लागले.

पहिली दोन पानं मी घाईघाईने तिच्या बोलण्यावरच वाचली. भयंकर. तिचं हसू माझ्या 'हो ना'खाली चेंगरलं. मग लक्षात आलं की अडूरने जागा सोडल्या आहेत. ती बोलते, आणि तो बोलायच्या आधी थोडं थांबतं. वाऱ्याला, भिंतीला, त्याच्या चेहऱ्याला वेळ आहे. मी त्या जागेत जायला लागले. तिला पूर्ण बोलू द्यायचं, मग सपाट आवाजात मराठी सांगायचं आणि बाजूला व्हायचं. जागा लहान असेल तिथे वाक्य तोडलं. 'ना' आणि 'हो' तर सगळे गाळले. पाच रविवार भांडून पेरलेले. आवाजात ते आधीच होते, मी वर पुन्हा कशाला सांगू?

काही ठिकाणी तर काहीच वाचलं नाही. ती खोटं खोटं रुसते तिथे एकही शब्द न कळता बायका हसल्या. नाटकातून आलेली बाई. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज कसा पोचवायचा हे तिला माहीत, आणि इथे तर मध्ये भिंत.

इस्पितळात भेटायचं ठरतं. ओळखायचं कसं, तर तिच्या गालावर काळा तीळ आहे. हे मी दोनदा वाचलं, का ते माहीत नाही. आणि भेटीआधीच त्याच्या सुटकेचा हुकूम येतो. तिथून पुढे मला वाचायचं फारसं नव्हतंच. माइक बंद केला तेव्हा हात आखडला होता.

दिवे लागले. चेचीने कुणाला न विचारता पिशवीतून फोटो काढला, टेबलावर ठेवला, मोगऱ्याचा हार घातला. रुंद चेहरा, मोठे डोळे, कपाळावर टिकली, उतारवयातलं हसू. माणसं एकेक करून पुढे आली. एक काका म्हणाले, "ह्या? नाही हो, ती लहानखुरी असणार." दुसऱ्या एक वहिनी फोटोकडे न बघताच निघाल्या. म्हणाल्या, "मला नका दाखवू, माझी वेगळी आहे." चेचीचा चेहरा पडला. तिने ज्या बाईसाठी हा सगळा घाट घातला, तिच्याच श्रद्धांजलीला लोक तिला ओळखायला तयार नव्हते. आणि ते माझ्या हट्टामुळे. मी काहीतरी समजुतीचं बोलणार होते, तेवढ्यात पहिल्या रांगेतल्या एक आजी काठी टेकत आल्या. चष्मा वर केला, फ्रेमला नाक लागेल इतक्या वाकल्या आणि बराच वेळ बघत राहिल्या.

"तीळ कुठाय गं हिच्या गालावर?"

चेचीने हार बाजूला सारला, फोटो उचलला आणि ट्यूबलाइटखाली धरला.